बाई झोपल्यात

बाई गेल्या तेव्हा हॉस्पिटलच्या खोलीत दोघंच होते, त्यांचे यजमान बर्फवाले आणि सून. पाणी हवं म्हणाल्या. चमच्यानं दोन घोट घेतले, तिसरा ओठांवरून गालावर ओघळला. बर्फवाल्यांनी टॉवेलच्या टोकानं तो पुसला आणि पुढचा चमचा भरून तोंडापाशी नेला. सून म्हणाली, "बाबा, राहू द्या." तरी त्यांनी चमचा तसाच धरून ठेवला. शेवटी तिनंच तो हातातून काढून घेतला.

डॉक्टर येऊन गेले. नर्सनं नळ्या काढल्या, चादर सारखी केली. तोवर मुलगा आला. त्याला सगळे पीए म्हणत. आमदार आईच्या ऑफिसातले फोन, फायली, भेटायला येणारी माणसं आणि आईच्या शिव्या, सगळं वीस वर्षं त्यानंच सांभाळलं होतं, आणि त्या बदल्यात हे एवढं नाव मिळालं होतं. गळ्यात विधानसभेच्या गॅलरीचा पास तसाच होता. तो आईच्या छातीवर डोकं टेकून मोठ्यानं रडला. मग त्याच्या खिशातला फोन वाजला. त्यानं मान वर करून बघितलं, फोन कापला आणि उठून दाराची कडी लावली. त्याचं रडणं खोटं नव्हतं. पण ते तिथंच थांबलं.

"प्रतोदांचा फोन," तो म्हणाला. सत्ताधारी पक्षाची मतं मोजून आणायचं काम ज्याच्याकडे, तो प्रतोद. "रोज या वेळेला आईचं विचारतात."

"मग सांग की त्यांना," बर्फवाले म्हणाले.

"बाबा, ऐका. आज दुपारी बजेटवर मतदान आहे."

बर्फवाले पलंगाशेजारच्या खुर्चीत बसले होते.

"आपले एक्केचाळीस, त्यांचे चाळीस. आपल्यातले एक अध्यक्ष. ते बरोबरी झाली तरच मत देतात."

"मला नको शिकवू. जेवणाच्या ताटावर हेच ऐकत आलोय मी."

"आई इथं आहे म्हणून आपले मतदानाला एकोणचाळीस. आणि काका बाहेर बसलेत म्हणून त्यांचेही एकोणचाळीस. बरोबरी. अध्यक्षांचं मत आपल्याला. आई गेली हे कळलं, की काका मोकळे."

काका म्हणजे बर्फवाल्यांचे धाकटे भाऊ, वकील. ते समोरच्या पक्षातून निवडून येत. बाई लग्न होऊन आल्या तेव्हा वकील शाळेत जात होते आणि त्यांना आई नव्हती. बाईंनीच त्यांचे डबे भरले, परीक्षेच्या दिवसांत त्यांच्यासोबत रात्री जागून काढल्या. पुढं वकिलांनी पक्ष बदलला, जाहीर सभेत वहिनींवर टीका केली, आणि त्यानंतर दोन घरांचं येणंजाणं उरलं नव्हतं. पण बाई आजारी पडल्या तेव्हा ते आपण होऊन या खोलीत आले होते. बाईंचा हात हातात घेऊन म्हणाले होते, "वहिनी, तुम्ही येईपर्यंत मी मतदानाला आत जाणार नाही. आपली जोडी." त्या सभागृहात तशी जुनी रीत होती. एका बाजूचा सभासद आजारी असला तर दुसऱ्या बाजूचा एक जण त्याच्यासाठी बाहेर थांबायचा. लिहून काही द्यायचं नाही, अध्यक्षांच्या कानावर घालायचं, बस्. जोडी त्या माणसाशी असायची. माणूस गेलं की जोडी संपली.

"आत्ता सांगितलं तर काय होतं?" सुनेनं विचारलं.

"शोकप्रस्ताव होतो आणि सभागृह दिवसभरासाठी बंद. मग उद्या मतदान, आणि उद्या काका आत. सरकार पडलं."

"आणि संध्याकाळी सांगितलं तर?"

"तोवर बजेट झालेलं असेल. अधिवेशन संपेल. पुढच्या अधिवेशनाच्या आत पोटनिवडणूक, आपले परत एक्केचाळीस."

"एक्केचाळिसावा तू."

"मी माझं बोलत नाहीये!" पीएचा आवाज चढला, मग त्याला आई दिसली आणि त्यानं तो खाली आणला. "बजेटमध्ये आईचा पूल आहे. त्या पुलासाठी तिनं किती जणांच्या पायऱ्या झिजवल्या तुला माहीत आहे. हे सरकार गेलं की पूल गेला. आईला विचारलं असतं तर ती काय म्हणाली असती? सांगा ना, बाबा. काय म्हणाली असती?"

हे मात्र खरं होतं. बाई म्हणाल्या असत्या, थांबा, मतदान होऊ द्या. बर्फवाल्यांना ते तिच्या आवाजातच ऐकू आलं, आणि त्यांना तिचाही राग आला. ते गप्प बसले. त्यांचं गप्प बसणं म्हणजे होकार, असं त्या घरात सगळेच धरून चालत. बाईंनीही कायम तसंच धरलं होतं.

पीए बाहेर जाऊन डॉक्टरांशी बोलून आला.

"ते म्हणाले, मला जे लिहायचं ते मी लिहिलंय, बाहेर कुणाला कधी सांगायचं ते तुमचं तुम्ही बघा. खोली संध्याकाळपर्यंत आपल्याकडेच आहे." त्यानं भिंतीवरच्या एसीकडे बघितलं. "थंड ठेवा म्हणजे झालं. बाबा, तुम्हाला त्यातलं कळतं."

बोलून गेल्यावर त्याचं त्यालाच कसंतरी झालं. बापाचा बर्फाचा कारखाना होता. गावात कुणाच्या घरी माणूस गेलं आणि लांबचे नातेवाईक यायचे असले की लाद्या तिथूनच जायच्या. बर्फवाले उठले, एसी कमी तापमानावर लावला, बाईंच्या पायांवरची चादर नीट केली आणि परत येऊन बसले.

"फोन हिच्याकडे राहील," पीए बायकोला दाखवून म्हणाला. "कुणीही विचारलं तर झोपल्यात म्हणायचं. मी सभागृहात जातो. नाही गेलो तर लोकांना शंका येईल."

जाताना तो आईजवळ थांबला. काहीतरी बोलायचं होतं त्याला. पण खिशातला फोन पुन्हा वाजला.

*

बाईंच्या फोनला उसंत नव्हती. मतदारसंघातली माणसं, महिला मंडळवाल्या, एक मंत्री, एक लांबची मावशी. सून खिडकीपाशी तोंड करून बोलत होती.

"झोपल्यात. हो. आत्ताच लागलाय डोळा... नाही हो, उठवत नाही... सांगते ना, उठल्या की सांगते."

बर्फवाले ऐकत होते. सुरुवातीला सून प्रत्येक फोन ठेवल्यावर डोळे पुसायची. मग सरावली. आवाज कसा ठेवायचा, कुठं हसायचं, ते तिला जमायला लागलं. ती मुळात वाईट मुलगी नव्हती. बाईंचं अंग पुसण्यापासून सगळं तिनंच केलं होतं, पोटच्या पोरानं काही केलं नव्हतं.

मावशीचा फोन पुन्हा आला.

"हो मावशी, झोपल्यात. बरं आहे आज. थोडं जेवल्या पण."

बर्फवाले उठले.

"काय म्हणालीस?"

सुनेनं फोनवर हात ठेवला. "बाबा, त्या सोडतच नव्हत्या—"

"जेवली म्हणालीस?"

"तोंडातून निघून गेलं."

"आठ दिवस घासभर गेला नाही तिच्या पोटात. आणि आज जेवली?"

"मग काय सांगू मी?" सून एकदम फुटली. "तुम्ही सांगा ना काय सांगू! तुमच्या मुलानं मला इथं बसवलंय. तुम्ही एक शब्द बोलला नाहीत त्याला. सगळे गप्प बसणार आणि खोटं मी बोलायचं!"

बर्फवाले खोलीबाहेर आले. व्हरांड्याच्या टोकाला जिना होता, तिथं कोणी नव्हतं. त्यांनी भावाला फोन लावला. सरकार, बजेट, पूल, यातलं काही त्यांच्या डोक्यात नव्हतं. एवढंच होतं की ज्यानं तिच्या हातचं खाल्लं, ज्याला रडायला येईल, असं एक माणूस या खोलीत यायला हवं होतं.

*

वकील सभागृहाच्या कॅन्टीनमध्ये कोपऱ्यातल्या टेबलावर बसले होते. अधिवेशनभर मतदानाची वेळ झाली की ते तिथं येऊन बसत. पक्षातली तरुण पोरं जाता-येता टोमणे मारत.

"काय वकीलसाहेब, वहिनींची शिफ्ट का?"

"चहा तरी सरकारकडून मिळतो का?"

वकील हसून सोडून देत. पक्षनेत्यानं मात्र सरळ सांगितलं होतं, "तुमच्या घरच्या मायेपायी चाळीस माणसं विरोधात बसलीत. पुढच्या वेळी तिकीट मागायला येताना हे लक्षात ठेवा." वकिलांनी तेही ऐकून घेतलं होतं. दिला शब्द पाळायचा, एवढं एक काम आयुष्यात निर्मळ करायचं, असं त्यांनी ठरवलं होतं.

फोनवर भावाचं नाव बघून ते चमकले. दादा आपण होऊन कधी फोन करत नसे.

"दादा, बोल."

"ती गेली रे."

वकिलांनी कप खाली ठेवला. "कधी?"

"सकाळी."

"आणि मला आत्ता—"

"आधी कुणालाच सांगितलं नाही. पोरगं म्हणालं, मतदान होऊ दे. तिला एसी लावून ठेवलंय इथं. सून फोनवर सांगतेय, जेवली म्हणून." बर्फवाल्यांचा आवाज तुटला. "तू ये. मला कुणीतरी पाहिजे इथं. तू ये लवकर."

"आलोच. दादा, आलोच मी. निघालोच."

ते खरंच निघाले. कॅन्टीनच्या पायऱ्या उतरताना त्यांना रडू येत होतं आणि ते आवरत नव्हते. ड्रायव्हरला हात केला. गाडी पुढं आली. आणि तेवढ्यात मतदानाची घंटा वाजायला लागली.

घंटा वाजली की दारं बंद व्हायच्या आत सभासदांनी आत यायचं. वकील गाडीच्या उघड्या दाराशी उभे राहिले. त्यांच्या डोक्यात सगळं एकाच वेळी आलं, कोर्टात समोरच्याची चूक दिसावी तसं. सकाळीच जोडी संपली होती. आपण सकाळपासून मोकळे होतो. पुतण्यानं आपल्याला, वहिनी गेल्यावर, तिच्याच नावानं बाहेर बसवून ठेवलं. आत जाऊन सांगितलं की ती गेली, तर सभागृह उठेल. एका रात्रीत त्यांचा प्रतोद आपल्यातला एखादा फोडेल. पण न सांगता आत गेलो तर? ते ओरडतील, जोडी मोडली म्हणतील. ओरडू देत. ती गेली हे पुतण्यानं त्यांच्या प्रतोदाला सांगितलेलं असणारच, पण त्यालाही ते बोलता येणार नाही.

हे सगळं आपल्याला किती पटकन दिसलं, याची त्यांना लाज वाटली. डोळ्यांत पाणी तसंच होतं.

"साहेब, हॉस्पिटल ना?" ड्रायव्हरनं विचारलं.

"थांब इथंच," वकील म्हणाले. "आलोच मी."

*

पीए गॅलरीत पहिल्या रांगेत बसला होता. खाली उजवीकडे पहिल्या बाकाजवळ आईची खुर्ची रिकामी होती. समोरच्या बाजूला काकांचीही. या दोन रिकाम्या खुर्च्यांवर सरकार तोललेलं होतं, असं त्याला वाटत होतं, आणि त्यातली एक रिकामी का आहे ते फक्त त्याला आणि प्रतोदांना माहीत होतं. प्रतोदांना त्यानं सांगितलं होतं. त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हटलं होतं, "बाई शेवटपर्यंत पक्षाच्या कामी आल्या. तुझ्या जागेचं मी बघतो." पीएला ते ऐकून बरं वाटलं होतं, आणि आपल्याला बरं वाटलं म्हणून वाईटही.

दारं बंद होता होता काका आत आले. थेट आपल्या खुर्चीवर जाऊन बसले.

एका क्षणात सभागृहात गोंधळ उडाला.

"लाज वाटते का!" उजवीकडून कुणीतरी ओरडलं. "आजारी वहिनीशी दगा!"

"घरच्यांशी दगा करणारा जनतेचं काय करणार!"

प्रतोद उभे राहिले. त्यांचा आवाज शांत होता. "अध्यक्ष महोदय, या सभागृहात जोडीची परंपरा आहे. सन्माननीय सभासदांनी दिलेला शब्द आज अचानक मोडला आहे. त्यांनी बाहेर जावं."

अध्यक्षांनी वकिलांकडे बघितलं.

वकील उठले. "अध्यक्ष महोदय, मी लगेच बाहेर जातो," ते म्हणाले. "फक्त एक विनंती आहे. माझ्या वहिनींची तब्येत आत्ता कशी आहे, ते प्रतोदांनी सभागृहाला सांगावं. त्यांनी इथं उभं राहून सांगितलं, की त्या बऱ्या आहेत, विश्रांती घेतायत, तर मी या क्षणी बाहेर जातो."

सगळ्यांच्या माना प्रतोदांकडे वळल्या. प्रतोद तसेच उभे होते. सभागृहात बोललेला शब्द न् शब्द लिहिला जातो आणि संध्याकाळी तो वाचला जातो, हे त्यांच्याइतकं कुणाला माहीत नव्हतं. त्यांनी गॅलरीकडे एकदा बघितलं. पीएनं मान खाली घातली.

"सांगा ना," वकील म्हणाले. "कशा आहेत त्या?"

प्रतोद खाली बसले.

त्यांच्याच बाजूच्या सभासदांना काही कळेना. "बसले काय? बोला की!" मागून कुणीतरी म्हणालं. अध्यक्षांना काहीतरी कळलं असावं. पण विचारणं त्यांनाही परवडणारं नव्हतं. मेलेल्या माणसाची बातमी विचारली की उत्तर ऐकावं लागतं. ते म्हणाले, "मतदान घेण्यात येत आहे."

सरकारच्या बाजूनं एकोणचाळीस. विरोधात चाळीस.

डावीकडची माणसं बाकं वाजवायला लागली. काकांना कुणीतरी मिठी मारली. काका बाकं वाजवत नव्हते. ते बाईंच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत होते. पीएला गॅलरीतून ते स्पष्ट दिसलं, आणि त्याच वेळी दुसरी एक गोष्ट त्याच्या लक्षात आली. काकांना हे फक्त एकच माणूस सांगू शकत होता.

थोड्या वेळानं अध्यक्षांनी सभासदांना परत बसायला सांगितलं आणि जड आवाजात, आत्ताच एक दुःखद बातमी हाती आली आहे, असं म्हणून बाईंचं नाव घेतलं. सगळे उभे राहिले. दोन्ही बाजूंची माणसं रडली. खरंच रडली.

*

संध्याकाळी हॉस्पिटलच्या व्हरांड्यात पत्रकार जमले होते. खोलीचं दार बंद होतं.

पीए आत आला तो सरळ बापापुढं. "तुम्ही सांगितलंत त्याला."

"हो."

"का?"

"भाऊ आहे माझा. ये म्हणून सांगितलं."

"आला का मग?" पीए हसला. ते हसणं बघवत नव्हतं. "मतदान करायला आला, बाबा! तुम्ही बोलावलंत आणि तो तिकडं गेला. सरकार घालवलंत तुम्ही. आईचा पूल घालवलात. कधी नव्हे ते तोंड उघडलंत, ते यासाठी?"

बर्फवाले बायकोकडे बघत होते. "मी त्याला इथं बोलावलं होतं," ते पुन्हा म्हणाले, जणू कुठंतरी हिशोब चुकलाय आणि तो सापडत नाही.

दार उघडून वकील आत आले. ते बाईंच्या पायांशी गेले, तिथंच खाली फरशीवर बसले आणि चादरीत तोंड खुपसून हमसून रडले. सुनेला वाटलं, उठवावं. मग वाटलं, कशाला.

पीएनं त्यांना खांद्याला धरून उठवलं. "नाटकं बास, काका. सकाळी मोकळे होतात ना तुम्ही? मग दुपारपर्यंत कॅन्टीनमध्ये चहा पीत होतात, आणि वहिनी गेल्याचं कळल्यावर हॉस्पिटलऐवजी सभागृह आठवलं?"

"तू मला तिथं बसवून ठेवलंस. मेलेल्या बाईच्या नावानं."

"मी बाहेर जाऊन सगळ्यांना सांगतो. तुम्हाला माहीत होतं, आणि तुम्ही सभागृहात सांगितलं नाहीत. ते सांगायला उठायचं सोडून मत दिलंत."

"सांग," वकील म्हणाले. त्यांनी रुमालानं तोंड पुसलं आणि त्यांचा आवाज बदलला. तो आता कोर्टातला होता. "पण मला कधी कळलं ते सांगताना, ती कधी गेली हेही सांगावं लागेल. तुला कधी कळलं, तेही. दिवसभर फोन करणाऱ्यांना कोण सांगत होतं, त्या जेवल्या म्हणून? पोटनिवडणुकीत तुझ्या प्रत्येक सभेत हेच विचारतील, आईला थंडीत ठेवून मतं मोजत बसलास का म्हणून."

पीए दाराकडे वळला.

"ओरडू नकोस. बस इथं. तू लपवलंस, मीही लपवलं. बाहेर ते कधी गेल्या हेच विचारणार. दुपारनंतर, मतदान झाल्यावर, एवढंच सांगायचं. तुझ्यावर काही येत नाही, माझ्यावर काही येत नाही. मला आत जावंसं का वाटलं, ते मी निभावून नेतो. म्हणेन, मनानं घेतलं."

"आणि जागा?"

"वहिनींच्या जागेवर आम्ही उमेदवार देणार नाही. पक्षनेत्याशी मी बोलतो. आज माझं ऐकतील ते."

"बिनविरोध?"

"बिनविरोध."

पीएनं कपाळावरचा घाम पुसला. खोलीत चांगलीच थंडी होती. त्यानं काकांकडे बघितलं, आणि कित्येक वर्षांनी पहिल्यांदा दोघांची नजर एकमेकांवर थांबली.

"डॉक्टरांच्या कागदावर सकाळची वेळ आहे," तो म्हणाला.

"कागद कोण बघतंय? ज्याला विचारायचं तो दादाला विचारणार."

सून इतका वेळ खिडकीपाशी होती. "मी दिवसभर सगळ्यांना झोपल्यात म्हणून सांगितलंय," ती म्हणाली. "आता काय सांगू? झोपेतच गेल्या?"

तिनं ते टोचायला म्हटलं होतं. पण पीए आणि वकील दोघांनीही एकदमच मान हलवली.

"हो," पीए म्हणाला. "तेच. दुपारी झोपल्या, आणि झोपेतच."

"शांतपणे गेल्या, असं म्हण," वकिलांनी सुचवलं.

सून मोठ्यानं हसली. हसता हसता तिनं तोंडावर हात ठेवला आणि भिंतीकडे वळली.

वकील भावापुढं वाकले. "दादा, ऐक. मी चुकलो. मला काय शिव्या द्यायच्या त्या घरी दे, मी ऐकेन. पण आता बाहेर एक वाक्य बोलायचं, दुपारी झोपेत गेली. मग कुणी तुला त्रास देणार नाही. हे पोराच्या भल्याचं आहे. घराच्या भल्याचं आहे."

"वहिनीला पण हेच आवडलं असतं," ते पुढं म्हणाले. "घर एक झालेलं."

बर्फवाल्यांनी त्यांच्याकडे बघितलं, मग मुलाकडे. ते काही बोलले नाहीत. दोघांनी तो होकार धरला.

"चला, बाबा," पीए म्हणाला.

दोघांनी त्यांना दोन्ही कोपरांना धरून उठवलं. एका बाजूला मुलगा, एका बाजूला भाऊ. दार उघडलं तसा व्हरांड्यात प्रकाशाचा झोत आला. कॅमेरे पुढं सरकले. सून दारात उभी राहिली.

"काका, धीर धरा," एक पत्रकार मुलगी बर्फवाल्यांना म्हणाली. तिचा आवाज खरंच मऊ होता. "बाई कधी गेल्या?"

वकिलांनी कोपर किंचित दाबलं. पीएनंही दाबलं.

"सकाळी," बर्फवाले म्हणाले.

"म्हणजे... मतदानाच्या आधी?"

"सकाळी गेली. पाणी मागितलं, दोन घोट प्यायली आणि गेली. मी पाजत होतो." ते थांबले. "आठ दिवस काही खाल्लं नव्हतं तिनं. आज जेवली म्हणून कुणी सांगितलं असेल, तर ते खोटं आहे. या पोराला सकाळीच माहीत होतं. या माझ्या भावाला मी दुपारी सांगितलं, मतदानाच्या आधी. ये म्हणालो, तर हा आला नाही."

मागं एक कॅमेरा नुसता चालू होता.

"पुलाचं काय होईल ते मला माहीत नाही," बर्फवाले म्हणाले. "पण ती सकाळी गेली. दिवसभर ती झोपलेली नव्हती."

दोन्ही कोपरांवरचे हात सुटले होते. ते वळले, सुनेच्या बाजूनं आत गेले आणि त्यांनी आतून दार लावून घेतलं.